कैद्याचे तत्त्वज्ञान आणि सेनानीचा धर्म

मनुष्याच्या स्वाधीन काय आहे आणि काय नाही, या प्रश्नाचे युरोपातील सर्वांत धीट उत्तर ज्या पुरुषाने दिले तो जन्माने गुलाम होता, आणि त्याचे ते उत्तर पुढे ज्यांनी उशाशी ठेवले त्यांत मात्र सम्राट, सेनापती आणि राजेरजवाडे यांचा भरणा मोठा, ही गोष्ट मला नेहमीच विचार करावयास लावीत आली आहे. एपिक्टेटसच्या शिकवणुकीवर पोसलेला मार्कस ऑरेलियस रोमचा सम्राट होता आणि आपल्या आत्मचिंतनाची काही टिपणे त्याने डॅन्यूब नदीच्या मुलखात, मोहिमेच्या छावणीत बसून लिहिली. प्रशियाचा फ्रेडरिक राजाही एपिक्टेटसला मोहिमेवर बरोबर नेत असे, असे सांगतात. ज्याची स्वतःच्या देहावरही मालकी नव्हती त्याचे तत्त्वज्ञान लाखो देहांवर हुकमत चालविणाऱ्यांना का रुचावे? संकटात धीर सर्वांनाच हवा असतो, हे उत्तर खरे असले तरी पुरे नाही. माझी शंका अशी, की या तत्त्वज्ञानातून सत्ताधीशाला धीराखेरीज आणखीही काही मिळते, आणि ते सर्वस्वी निर्दोष नसते. ही शंका ज्यांच्या चरित्रावर कसास लावून पाहता येईल असे पुरुष थोडे. आणि त्या थोड्यांत अमेरिकी नौदलाचे व्हाइस ॲडमिरल जेम्स बाँड स्टॉकडेल यांच्याइतके लख्ख उदाहरण गेल्या शतकात दुसरे मला आढळलेले नाही. (त्यांचे हे मधले नाव हेरकथांवरून आलेले नसून त्या कथा लिहिल्या जाण्याच्या कितीतरी आधीचे, जन्मापासूनचे आहे, एवढे जाता जाता सांगून ठेवतो.)

स्टॉकडेल यांचा जन्म २३ डिसेंबर १९२३ रोजी इलिनॉय राज्यातील ॲबिंग्डन या लहानशा गावी झाला. अॅनापोलिस येथील नौदल प्रबोधिनीतून ते १९४६ साली बाहेर पडले, पुढे वैमानिक झाले, नव्या विमानांची परीक्षा घेणाऱ्या वैमानिकांत दाखल झाले, आणि येथवरची त्यांची हकीगत त्यांच्या पिढीतील शेकडो कर्तबगार अधिकाऱ्यांसारखीच आहे. निराळेपणा सुरू होतो तो नौदलाने त्यांना उच्च शिक्षणासाठी स्टॅनफर्ड विद्यापीठात पाठविले तेथून. विषय आंतरराष्ट्रीय राजकारणाचा होता. पण छत्तिशी ओलांडलेला हा विद्यार्थी वाट वाकडी करून तत्त्वज्ञानाच्या वर्गात जाऊन बसला, आणि तेथे फिलिप राइनलँडर या अध्यापकांनी, जे स्वतः कधीकाळी नौदलात होते, निरोप देताना त्याच्या हाती एपिक्टेटसचे एक लहानसे पुस्तक ठेवले. लढाऊ विमान चालविणाऱ्या माणसाने या प्राचीन वैराग्यवाद्याचे करावयाचे काय, असाच प्रश्न स्टॉकडेल यांना प्रथम पडला. तथापि गुरूने दिलेले म्हणून त्यांनी ते वाचले, पुन्हा वाचले, आणि त्यानंतरच्या सागरी नेमणुकांत विमानवाहू जहाजावरील त्यांच्या खोलीत ते उशाशी राहिले.

एपिक्टेटस हा आशिया मायनरमधील हायरापोलिसचा. नीरो बादशहाच्या एका चिटणिसाचा तो गुलाम. एका पायाने लंगडा. पुढे मुक्त झाल्यावर रोममध्ये शिकवू लागला, आणि डोमिशियनने तत्त्वज्ञांनाच हद्दपार केले तेव्हा ग्रीसच्या पश्चिम किनाऱ्यावरील निकोपोलिसला जाऊन त्याने शाळा काढली. त्याने स्वतः एक ओळही लिहून ठेवली नाही. जे उरले आहे ते त्याचा शिष्य एरियन याने टिपून घेतले म्हणून. आणि हा एरियन म्हणजे तोच, ज्याने अलेक्झांडरच्या स्वाऱ्यांचा इतिहास लिहिला आणि ज्याच्या हिंदुस्थानविषयक ग्रंथात अलेक्झांडरचा आरमारप्रमुख निआर्कस सिंधूच्या मुखापासून इराणच्या आखातापर्यंत गलबतांचा काफिला कसा घेऊन गेला त्याची सविस्तर हकीगत आहे. गुलामाचा उपदेश आणि सेनानीचा पराक्रम यांची नोंद एकाच लेखणीने केली, आणि ती लेखणी पुढे रोमन साम्राज्याच्या एका सुभ्याचा कारभार पाहणाऱ्या हुद्देदाराची होती. मी आरंभी उल्लेखिलेली गोष्ट अशी पहिल्या शिष्यापासूनच सुरू होते.

त्या उपदेशाचे सार थोडक्यात सांगता येते. अंतःकरणाचा कौल तेवढा आपला. देह, दौलत, लौकिक, अधिकार हे सारे दुसऱ्याच्या मर्जीवरचे. जे आपले नाही त्यावर जीव टांगला की गुलामगिरी आली, मग गळ्यात पट्टा असो वा शिरावर मुकुट. दुसरे असे, की आयुष्य हे नाटक आहे, भूमिका वाटून देणारा दुसराच कोणी आहे, आणि भिकाऱ्याची मिळो की राजाची, मिळालेली भूमिका नीट वठविणे एवढेच आपले काम. मराठी वाचकाला यात परके असे काही वाटू नये. गीतेच्या दुसऱ्या अध्यायातील स्थितप्रज्ञ त्याच्या ओळखीचा आहे. गीतेवरील आपले दोन प्रख्यात ग्रंथ, एक मंडालेच्या तुरुंगात लिहिला गेला आणि दुसरा धुळ्याच्या तुरुंगात प्रवचनरूपाने उच्चारला गेला, हेही त्याला ठाऊक आहे. आणि भिंतींनी बाहेरचे जग काढून घेतले म्हणजे आतल्या जगाचा शोध करणारी विद्या जवळची वाटू लागते, हे त्याला निराळे पटवून द्यावे लागत नाही. परंतु गीता आणि एपिक्टेटस यांच्यात एक भेद आहे. गीतेचा आरंभ एका योद्ध्याच्या नकाराने होतो. ही भूमिका मी करावी काय, हे युद्ध करण्याजोगे आहे काय, असे विचारून अर्जुन धनुष्य खाली ठेवतो तेव्हा कोठे उपदेशाला तोंड फुटते. एपिक्टेटसच्या शाळेत शंका घेणारे पुष्कळ येत. पण दोन सैन्यांच्या मधोमध रथ उभा करून विचारणारा अर्जुन तेथे कोणी आलेला दिसत नाही. या भेदाकडे मला पुढे यावयाचे आहे.

९ सप्टेंबर १९६५ रोजी ओरिस्कनी या विमानवाहू जहाजावरील संपूर्ण हवाई पथकाचे प्रमुख असलेले स्टॉकडेल उत्तर व्हिएतनामवर उड्डाण करीत असता त्यांच्या विमानावर तोफांचा मारा झाला. हवाई छत्रीने खाली येताना, जमीन गाठण्यापूर्वीच्या त्या थोड्या क्षणांत, आपण यंत्रांचे जग सोडून आता एपिक्टेटसच्या जगात प्रवेश करीत आहोत, निदान पाच वर्षे तरी, असे ते स्वतःशी म्हणाले, ही गोष्ट त्यांनीच पुढे सांगितली आहे. ज्या वस्तीत ते उतरले तेथील लोकांनी त्यांना जी मारहाण केली तीत त्यांचा पाय मोडला, आणि तो जन्मभरासाठी अधू राहिला. गुरूचे लंगडेपण शिष्याला असे मिळाले. पाच वर्षांचा अंदाजही कमीच ठरला. सुटका होईपर्यंत साडेसात वर्षे गेली.

हनोईमधील होआ लो हा तुरुंग फ्रेंचांनी व्हिएतनामी देशभक्तांसाठी बांधला होता. ज्यांच्यासाठी तो बांधला त्यांच्याच हाती पुढे त्याच्या किल्ल्या आल्या, आणि त्यांनीही तो रिकामा ठेवला नाही, हे त्या इमारतीच्या दैवाचे वैचित्र्य. स्टॉकडेल यांनी तेथे चार वर्षे एकांतकोठडीत काढली, दोन वर्षे त्यांच्या पायांत बेड्या होत्या, आणि पंधरा वेळा त्यांचा पद्धतशीर छळ झाला. असा छळ झाल्याचे व्हिएतनामी सरकार नाकारीत आले आहे; परंतु १९७३ मध्ये परतलेल्या कैद्यांनी निरनिराळ्या कोठड्यांतून जी साक्ष आणली ती इतकी एकमुखी आहे, की तिच्यावर अविश्वास दाखविणे मला शक्य नाही.

छळाचे वर्णन लांबवीत नाही. मुख्य साधन दोर होता: हात मागे आवळून, रक्त थांबेल असे बांधून, माणसाचे डोके त्याच्या पायांकडे दाबून धरीत. येथे एपिक्टेटसच्या सिद्धांताची पहिली आणि सर्वांत कठोर परीक्षा झाली, आणि मला वाटते, त्याच्या शब्दशः अर्थाने तो सिद्धांत तिच्यात उतरला नाही. अंतःकरणाचा कौल देवांनाही हिरावून घेता येत नाही, असे गुरूचे म्हणणे. आणि दोराने काही मिनिटांत कोणालाही बोलते करता येते, असा शिष्याचा अनुभव. नाव, हुद्दा, सेवाक्रमांक आणि जन्मतारीख यापलीकडे काही सांगू नये, असा अमेरिकी सैनिकांना दंडक होता. तो दंडक त्या खोलीत सर्वांचाच मोडला, शूरांचा आणि भेकडांचा सारखाच. मग राहिले काय?

येथेच स्टॉकडेल हे केवळ शिष्य न राहता भाष्यकार झाले. त्यांच्या ध्यानात आले, की बंदिवान खचतो तो वेदनेने नव्हे. दोराच्या खोलीतून कोठडीत परतलेला माणूस, आपण बोललो, आपण फुटलो, आता सोबत्यांना तोंड कसे दाखवावे, या विचाराने भिंतीकडे पाठ करून बसतो, आणि मग छळ करणाऱ्याला दोराची गरज उरत नाही; लाज आणि भीती या दोन वेसणी त्याच्या हाती आलेल्या असतात. यावर औषध एकच होते, आणि ते भिंतीपलीकडे होते. कैद्यांनी इंग्रजी वर्णमालेची पाच ओळी आणि पाच रकाने अशी मांडणी करून, एक अक्षर गाळून, टिचक्यांची लिपी तयार केली होती. भिंतीवर बोटाने आधी ओळ आणि मग रकाना वाजवावयाचा. त्या लिपीतून पलीकडचा सांगे, की मीही बोललो. इतके सांगितले, इतके राखले. आता तू सांग. हा कबुलीजबाब झाला की माणूस पुन्हा उभा राही.

कोठड्यांतील नौदल अधिकाऱ्यांत सर्वांत वरिष्ठ म्हणून स्टॉकडेल यांनी या भिंतींतून हुकूम फिरविले. त्या हुकुमांत अशक्य अशी प्रतिज्ञा कोणाकडून मागितलेली नाही, हे त्यांचे मोठेपण. मरेपर्यंत गप्प राहा, असे ते म्हणाले नाहीत. लोकांसमोर शत्रूपुढे वाकू नका, ध्वनिक्षेपकावर बोलू नका, गुन्ह्यांची कबुली देऊ नका, सुटकेच्या वेळी त्यांचे गोडवे गाऊ नका, आणि स्वतःपेक्षा सर्वांची एकजूट मोठी माना, इतकेच. जे द्यावे लागेल ते छळ सोसल्याशिवाय द्यावयाचे नाही, आणि एकदा दिले म्हणून दुसऱ्या वेळी फुकट द्यावयाचे नाही. प्रत्येक खेपेस त्यांना पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करावयास लावा. वरिष्ठाने खालच्यांना पाळता येतील असेच हुकूम दिले पाहिजेत, कारण न पाळता येणारा हुकूम माणसाला अपराधी करून सोडतो, हे सूत्र मला एपिक्टेटसच्या स्टोइक पंथाच्या कोणत्याही ग्रंथात सापडलेले नाही. ते हनोईच्या कोठडीत सापडले. एपिक्टेटसचा ज्ञानी पुरुष एकटा आहे, तो आपल्या आत्म्याच्या किल्ल्यात बसलेला आहे. स्टॉकडेल यांना दिसले, की हा किल्ला शेजारच्या कोठडीतील टिचकीवाचून टिकत नाही. गुलामाच्या तत्त्वज्ञानात नसलेली गोष्ट, म्हणजे दुसऱ्याची जबाबदारी, ती हुद्देदाराने त्यात घातली. आणि तीच घातल्यामुळे ते तत्त्वज्ञान तगले.

या जबाबदारीची किंमत त्यांनी स्वतः काय दिली, त्याचे दोन प्रसंग सांगितले पाहिजेत. १९६९ मध्ये त्यांना चित्रपटात दाखवून जगापुढे मांडण्याचा बेत झाला, तेव्हा हजामतीसाठी दिलेल्या वस्तऱ्याने त्यांनी स्वतःच्या डोक्याचे कातडे फाडले, आणि टोपी घालून काम भागेल असे दिसताच लाकडी स्टुलाने आपलाच चेहरा ठेचून सुजवून घेतला. त्याच वर्षीच्या सप्टेंबरात, हो चि मिन्ह यांच्या निधनानंतरच्या दिवसांत, कैद्यांमधील गुप्त दळणवळणाचा तपास त्यांच्यापर्यंत येऊन पोहोचला. उद्या दोराखाली सोबत्यांची नावे बाहेर पडतील हे ओळखून त्यांनी खिडकीची काच फोडून मनगटे कापून घेतली. पहारेकऱ्यांनी त्यांना वाचविले. त्यानंतर छळ ओसरत गेला. इकडे त्यांच्या पत्नी सिबिल यांनी सरकारचा गप्प बसण्याचा सल्ला झुगारून कैद्यांच्या कुटुंबांची संघटना उभी केली होती, पॅरिसला जाऊन उत्तर व्हिएतनामच्या प्रतिनिधींना गाठले होते. त्या खटपटीचा, हो चि मिन्ह यांच्या मागे बदललेल्या धोरणाचा आणि त्या कापलेल्या मनगटांचा या सुधारणेत किती किती वाटा, हे तराजूत तोलणे व्यर्थ आहे. देह आपला नाही असे म्हणणारे पुष्कळ असतात. दुसऱ्यांची नावे राखण्यासाठी तो असा खर्ची टाकणारा विरळा.

येथे हे चरित्र थांबविता आले असते तर ते निष्कलंक झाले असते, आणि पुष्कळ लेखक ते येथेच थांबवितात. व्यापार-व्यवस्थापनाच्या पुस्तकांतून त्यांच्या नावाचा एक सिद्धांतही प्रचारात आला आहे, की वस्तुस्थितीचे भयानक रूप न लपविता पाहावे आणि तरीही अखेरच्या यशावरील श्रद्धा सोडू नये. नाताळापर्यंत सुटू म्हणणारे आशावादी नाताळ उलटल्यावर खचून मेले, असे ते सांगत. हा सिद्धांत चांगलाच आहे. पण कारखानदारांच्या शिबिरांत तो सांगितला जातो तेव्हा कैद्याच्या जागी कोण बसला आहे, हे कोणी पाहत नाही.

मला मागे जावयाचे आहे, १९६४ च्या ऑगस्टकडे. २ ऑगस्टला टोंकिनच्या आखातात उत्तर व्हिएतनामच्या पाणतीर नौकांनी मॅडॉक्स या अमेरिकी विनाशिकेवर खरोखरच हल्ला केला होता, आणि त्या नौकांवर प्रतिहल्ला करणाऱ्या वैमानिकांत स्टॉकडेल होते. ४ ऑगस्टच्या रात्री, दुसरा हल्ला झाल्याच्या वार्तेवरून, टिकोंडेरोगा जहाजावरून ते पुन्हा झेपावले. काळोख दाट होता. त्यांनी समुद्राच्या पृष्ठालगत उतरून मॅडॉक्स आणि तिच्या सोबतची दुसरी विनाशिका या दोहोंच्या भोवती घिरट्या घातल्या. नौका नव्हत्या, पाण्यावर त्यांच्या मार्गाची फेसाची रेघ नव्हती, होता तो अमेरिकी तोफांचा भडिमार, आणि तोही रिकाम्या काळ्या पाण्यावर. परतल्यावर त्यांनी जे पाहिले ते, म्हणजे काहीच पाहिले नाही हे, सांगितले. मॅडॉक्सवरील वरिष्ठ अधिकाऱ्यानेही आपल्या आधीच्या वार्तांविषयी शंका कळविली. तरीही दुसऱ्या दिवशी सूड म्हणून विन्ह येथील तेलाच्या साठ्यांवर बाँबफेक करण्याचा हुकूम आला, आणि त्या हल्ल्याचे नेतृत्व स्टॉकडेल यांच्याकडे होते. सूड कशाचा, हे त्या सकाळी त्यांच्याइतके स्पष्टपणे जगात फार थोड्यांना माहीत असेल. खोट्या सबबीवर युद्ध सुरू होत आहे, हे आपल्याला तेव्हाच कळले होते, असे त्यांनी वीस वर्षांनी लिहिले. त्यांनी हुकूम बजावला. ७ ऑगस्टला अमेरिकी काँग्रेसने अध्यक्षांना युद्धाचे अधिकार देणारा ठराव संमत केला: प्रतिनिधिगृहात ४१६ विरुद्ध शून्य, सिनेटमध्ये ८८ विरुद्ध २. ज्या दोन सिनेटरांनी विरोध केला त्यांना त्या रात्रीच्या काळोखाची माहिती स्टॉकडेल यांच्यापेक्षा पुष्कळच कमी होती.

पुढे कैदेत सर्वांत मोठी भीती त्यांना याच गोष्टीची होती: दोराखाली आपल्या तोंडून हे गुपित बाहेर पडले तर शत्रूला हवे तेच मिळेल. म्हणजे ज्या सत्याने कदाचित युद्ध थांबले असते ते सत्य, युद्ध सुरू झाल्यावर, देशाविरुद्धचे शस्त्र होऊन त्यांच्या पोटात राहिले, आणि देहाच्या छळातही ते त्यांना राखावे लागले. नियतीने एखाद्याची इतकी क्रूर थट्टा केल्याचे उदाहरण शोधू गेल्यास आपल्याला महाभारताकडेच जावे लागते.

भीष्माची आठवण येथे टाळता येत नाही. कौरवांचा पक्ष अन्यायाचा, हे भीष्माला ठाऊक होते. भर सभेत द्रौपदीने प्रश्न विचारला तेव्हा धर्माची गती सूक्ष्म आहे असे म्हणून त्याने उत्तर टाळले. ज्यांचे अन्न खाल्ले त्यांच्या बाजूने लढण्याची आपली भूमिका त्याने अप्रतिम वठविली, आणि शरपंजरी पडल्यावर, वेदनेवर असामान्य प्रभुत्व मिळवून, धर्मराजाला राजधर्म आणि मोक्षधर्म शिकविला. शांतिपर्वातील हा उपदेश ऐकताना द्रौपदी हसली आणि ही विद्या सभेत कोठे गेली होती असे तिने विचारले, अशी एक कथा आपल्याकडे परंपरेने सांगतात. द्रौपदीचे ते हसू मला निष्ठुर वाटत नाही. शरपंजरावरील भीष्म खरा आणि सभेतील भीष्मही खरा. एकाच्या तेजाने दुसऱ्याचे मौन झाकले जात नाही.

एपिक्टेटसच्या उपदेशातील दोष येथे उघडा पडतो, आणि तो दोष एपिक्टेटसचा म्हणण्यापेक्षा त्याच्या वाचकांचा आहे. जगाचे परस्वाधीन आणि स्वाधीन असे दोन भाग करा, असे तो सांगतो. परंतु ही सीमारेषा सर्वांसाठी एकाच ठिकाणी नसते. गुलामाच्या आणि कैद्याच्या बाबतीत ती त्याच्या कातड्याच्या आतून जाते, आणि म्हणून त्याने आतल्या कौलापुरते पाहावे हे रास्तच. पण जसजसा हुद्दा वाढतो तसतशी ती रेषा बाहेर सरकते. स्क्वाड्रनच्या प्रमुखाच्या स्वाधीन विमाने असतात, बाँब असतात, वरिष्ठाला नाही म्हणण्याची आणि त्याचे परिणाम भोगण्याची संधी असते; विन्हच्या तेलाच्या टाक्यांजवळ राहणाऱ्या माणसांचे प्राण असतात. अशा वेळी भूमिका वाटणारा दुसराच कोणी आहे, आपण ती वठवावी, असे जो म्हणतो तो स्वतःच्या हातातली वस्तू परक्याची म्हणून दाखवितो. कैद्याच्या तोंडी जे धैर्य असते तेच वाक्य अधिकाऱ्याच्या तोंडी सबब होते. सम्राटांना आणि सेनापतींना हे पुस्तक का आवडते, याचे माझ्या शंकेत दडलेले उत्तर हे.

स्टॉकडेल यांच्यावर अन्याय होऊ नये म्हणून दुसरी बाजूही मांडतो. प्रत्येक वैमानिकाने प्रत्येक हुकुमाची चौकशी मांडली तर कोणतेही सैन्य उभे राहणार नाही, आणि लोकशाहीत सैन्याने मुलकी सत्तेचा हुकूम मानणे हेच नागरिकांच्या हिताचे. एका स्क्वाड्रनच्या प्रमुखाने नकार दिला असता तर दुसऱ्याने नेतृत्व केले असते, युद्ध थांबले नसते. यातील पहिले म्हणणे मला वजनदार वाटते. दुसरे नाही, कारण परिणाम आपल्या स्वाधीन नाही, कौल तेवढा आहे, हे तर एपिक्टेटसचेच पहिले सूत्र, आणि ज्याने ते होआ लोमध्ये अक्षरशः पाळले त्याला टिकोंडेरोगावर त्यातून सूट देता येत नाही. शिवाय स्टॉकडेल स्वतः इतरांना सूट देणारे नव्हते. सुटून आल्यावर, युद्धाविरुद्ध बोलून शत्रूला साहाय्य केल्याचा आरोप त्यांनी दोन वरिष्ठ सहबंदिवानांवर रीतसर दाखल केला. नौदल खात्याच्या मंत्र्यांनी ठपक्याची पत्रे देऊन प्रकरण मिटविले. त्यांनी कैद्यांची एकजूट मोडली, ही स्टॉकडेल यांची तक्रार खोटी म्हणता येणार नाही. पण युद्धाच्या आरंभाविषयी ज्याला सर्वांहून अधिक माहिती, त्याने युद्धाविषयी शंका बोलून दाखविणाऱ्यांवर खटला मागावा, हे दृश्य मला अजूनही अस्वस्थ करते.

१२ फेब्रुवारी १९७३ रोजी ते सुटले. १९७६ मध्ये त्यांना शौर्याचे सर्वोच्च पदक मिळाले, आणि १९७७ ते १९७९ ते न्यूपोर्ट येथील नौदल युद्ध महाविद्यालयाचे अध्यक्ष होते. या नेमणुकीत त्यांनी केलेले काम मला त्यांच्या पदकाइतकेच मोलाचे वाटते: जोसेफ ब्रेनन या तत्त्वज्ञानाच्या निवृत्त प्राध्यापकांना हाताशी धरून त्यांनी नैतिक कर्तव्याच्या अधिष्ठानांवर एक अभ्यासक्रम सुरू केला, आणि तोफा-पाणबुड्यांचा हिशेब करावयास आलेल्या अधिकाऱ्यांना ॲरिस्टॉटल, कांट, मिल, ईयोबाचे पुस्तक आणि अर्थातच एपिक्टेटस वाचावयास लावले. आपल्याला कैदेत तंत्रविद्या उपयोगी पडली नाही, मानव्यविद्या पडल्या, ही त्यांची साक्ष होती. नौदलातून निवृत्त झाल्यावर एका सैनिकी महाविद्यालयाचे अध्यक्षपद त्यांनी घेतले. तेथे नव्या विद्यार्थ्यांच्या छळाची रूढी मोडू पाहिली आणि ती जमेना तेव्हा साल-दीड सालात ते सोडले. पुढची वर्षे स्टॅनफर्डच्या हूव्हर संस्थेत वाचन-लेखनात गेली. १९८४ मध्ये पत्नीसह लिहिलेल्या आत्मवृत्तात त्यांनी टोंकिनची ती रात्र जगापुढे मांडली. हे त्यांच्या जमेस धरलेच पाहिजे.

१९९२ साली उपाध्यक्षपदाच्या उमेदवारांच्या जाहीर वादसभेत, श्रवणशक्ती मंदावलेला हा वृद्ध सेनानी स्वतः एक उमेदवार म्हणून उभा राहिला आणि मी कोण, मी येथे कशासाठी आलो, या दोन प्रश्नांनी त्याने भाषणास सुरुवात केली. श्रोते हसले, आणि पुढे कित्येक आठवडे दूरचित्रवाणीवरील विदूषकांनी त्यावर गुजराण केली. वेदान्ताची पहिली पायरी ज्या प्रश्नांची, ते त्या देशाला वार्धक्याचे लक्षण वाटले. मला मात्र ते प्रश्न योग्य माणसाने, पण अठ्ठावीस वर्षे उशिराने विचारलेले वाटतात.

५ जुलै २००५ रोजी ते वारले. त्याच वर्षाच्या अखेरीस अमेरिकेच्या राष्ट्रीय सुरक्षा संस्थेने आपल्याच इतिहासकाराचा गोपनीय निबंध खुला केला. ४ ऑगस्टच्या रात्री कोणताही हल्ला झाला नव्हता, असा त्याचा निष्कर्ष आहे. न्यूपोर्टचा अभ्यासक्रम तो सुरू करणाऱ्याच्या पश्चातही चालू राहिला. जे कोणी तो शिकवितात, आणि आपल्याकडेही सैनिकी विद्यालयांतून गीतेचा स्वधर्म शिकविणारे जे कोणी असतील, त्या सर्वांना माझी एकच विनंती आहे: विद्यार्थ्यांना होआ लोच्या कोठडीत नेण्यापूर्वी ५ ऑगस्ट १९६४ च्या सकाळी टिकोंडेरोगाच्या फळीवर उभे करा, हुकूम त्यांच्या हाती द्या, आणि ते काय उत्तर देतात ते ऐका.